दहा सेंटांत परत आलेली बाटली पुढे कुठे जाते?

मिशिगनमध्ये राहणाऱ्या मराठी माणसाकडे भारतातून आलेल्या पाहुण्यांना सांगायला काही गोष्टी हमखास असतात. मोठी तळी, मोटारींचे कारखाने, जानेवारीतली थंडी आणि बाटल्यांचे दहा सेंट. रिकामे कॅन आणि बाटल्या पिशवीत भरून क्रोगर किंवा मायरमध्ये न्यायच्या, मशीनच्या तोंडात एकेक सरकवायची, आणि शेवटी निघालेली पावती काउंटरवर देऊन पैसे घ्यायचे. पाहुण्यांना हे फार आवडतं. "आपल्याकडे असं काही हवं होतं," असं कोणीतरी म्हणतंच. आपणही मान डोलावतो.

या कौतुकाची थोडी उलटतपासणी करावी, एवढ्यासाठी हा लेख. मी नोव्हायला राहतो आणि पोटापाण्यासाठी संशोधन करतो. त्यामुळे एखादी व्यवस्था "चांगली आहे" असं सगळे म्हणायला लागले की ती नेमकं काय मोजते आणि काय मोजत नाही, हे बघायची खोड लागली आहे. मिशिगनच्या बाटली कायद्याबद्दल, आणि त्याहून जास्त काचेच्या बाटलीबद्दल, आपण दोन समजुती धरून चालतो. पहिली, काच म्हणजे पर्यावरणाला चांगली. दुसरी, बाटली परत दिली की काम झालं. दोन्ही अर्ध्याच खऱ्या आहेत, आणि राहिलेल्या अर्ध्या भागात बरंच काही लपलं आहे.

कायद्याचं श्रेय आधी

टीका करायच्या आधी जे द्यायचं ते देऊन टाकू. १९७० च्या दशकात रस्त्याच्या कडेला, तळ्यांच्या काठांवर फेकलेल्या बाटल्या-कॅनचा त्रास इतका वाढला होता की शिकारी आणि मासेमारी करणाऱ्यांची संघटना, मिशिगन युनायटेड कॉन्झर्व्हेशन क्लब्ज, सह्या गोळा करायला उतरली. गव्हर्नर विल्यम मिलिकन रिपब्लिकन असूनही पाठीशी उभे राहिले. विधिमंडळात काही होईना, म्हणून प्रश्न थेट मतपत्रिकेवर गेला आणि नोव्हेंबर १९७६ मध्ये लोकांनी मोठ्या बहुमताने कौल दिला. डिसेंबर १९७८ पासून कायदा लागू झाला. ओरेगनने पाच सेंटांचा कायदा आधीच, १९७१ साली केला होता. मिशिगनने थेट दहा सेंट लावले.

या दहा सेंटांनी कमाल केली. नव्वदच्या दशकात परतीचं प्रमाण पंचाण्णव टक्क्यांच्या वर होतं. 'साइनफेल्ड' मालिकेचा १९९६ चा तो भाग तुम्ही पाहिला असेल, ज्यात क्रेमर आणि न्यूमन न्यूयॉर्कच्या बाटल्या ट्रकमध्ये भरून जास्तीच्या पाच सेंटांसाठी मिशिगनकडे निघतात. तो विनोद जमला कारण देशभर लोकांना मिशिगनचा दर माहीत होता. सरकारी कायद्याने सामान्य माणसाची रोजची सवय बदलल्याची अशी उदाहरणं फार नाहीत.

म्हणजे बाटली परत आणायचं काम कायद्याने उत्तम केलं. प्रश्न त्याच्या पुढचा आहे.

काच कुठून येते

नोव्हायहून दक्षिणेला तासाभराच्या अंतरावर टोलीडो आहे. ओहायोतल्या या शहराला 'काचनगरी' म्हणतात. तिथल्या कलासंग्रहालयाच्या काचेच्या इमारतीत तुमच्यापैकी कित्येकजण मुलांना घेऊन गेले असतील. १८८८ साली एडवर्ड लिबी यांनी आपला काचेचा धंदा मॅसॅच्युसेट्समधून टोलीडोला आणला, कारण इथे नैसर्गिक वायू स्वस्त होता. त्यांच्याकडे काम करणाऱ्या मायकल ओवेन्स यांनी १९०३ च्या सुमारास बाटल्या बनवणारं स्वयंचलित यंत्र तयार केलं. तोवर बाटली म्हणजे फुंकणीवर तोंडाने फुंकून केलेली वस्तू होती, आणि भट्टीपाशी राबायला लहान मुलं असत. ओवेन्सच्या यंत्राने ही मुलं भट्टीपासून दूर झाली, हे त्याचं मोठं सामाजिक श्रेय मानलं जातं.

पण त्याच यंत्राने बाटली स्वस्त केली. बाटली महाग होती तोवर ती परत मागवणं, धुणं, पुन्हा भरणं यात मालकाचाच फायदा होता. ती स्वस्त झाल्यावर, पुढे मोठमोठे रस्ते आणि दूरवरचे कारखाने आल्यावर, तीच बाटली परत आणणं हा खर्च वाटू लागला. दुसऱ्या महायुद्धानंतरही काही वर्षं अमेरिकेतली शीतपेयं मुख्यतः परतीच्या बाटल्यांत विकली जात. साठ-सत्तरच्या दशकांत ती पद्धत मोडत गेली. 'एकदा वापरा, फेकून द्या' ही बाटली आकाशातून पडलेली नाही. हिशोब करून आणलेली आहे.

आता त्या हिशोबाच्या आत जाऊ. काच म्हणजे वाळू, सोडा आणि चुनखडी, साधारण १,५०० अंश सेल्सिअसच्या आसपास वितळवलेली. भट्टी एकदा पेटवली की दहा-पंधरा वर्षं रात्रंदिवस जळत ठेवावी लागते. मध्येच विझवली तर आतली काच थिजते आणि भट्टीच निकामी होऊ शकते. मागणी कमी झाली म्हणून शनिवार-रविवार कारखाना बंद ठेवता येत नाही. काचेच्या धंद्याचं अर्थकारण या एका गोष्टीवर फिरतं. इंधनाचा खर्च सतत चालू, भांडवल अडकलेलं, आणि माल जड, त्यामुळे तो फार लांब पाठवणं परवडत नाही. मागणी घसरली की कंपन्या भट्ट्या थोड्या मंद करत नाहीत, अख्खे कारखाने बंद करतात. मिशिगनमध्येच, लॅन्सिंगजवळच्या शार्लटचा बाटल्यांचा कारखाना ओवेन्स-इलिनॉय कंपनीने २०१० साली बंद केला.

प्रदूषण दोन वाटांनी होतं. एक, भट्टीतलं इंधन. दुसरी वाट बहुतेकांना माहीत नसते: सोडा आणि चुनखडी हे कार्बोनेट आहेत, ते तापले की त्यांच्यातूनच कार्बन डायऑक्साइड बाहेर पडतो. म्हणजे उद्या भट्टी पूर्णपणे सौर विजेवर चालवली तरी ताज्या कच्च्या मालाच्या प्रत्येक टन काचेमागे साधारण एक पंचमांश टन वायू निघणारच. त्यावर एकच सोपा उपाय आहे, जुनी काच. काचेचा चुरा एकदा भट्टीतून गेलेला असल्यामुळे त्यातून हा वायू पुन्हा निघत नाही, आणि तो कमी उष्णतेत वितळतो. मालात दर दहा टक्के चुरा वाढवला की इंधन अडीच-तीन टक्क्यांनी वाचतं.

अडीच-तीन टक्के. हा आकडा जरा लक्षात ठेवा. भट्टीत अर्धा माल जुन्या काचेचा घातला तरी इंधनाची बचत पंधरा टक्क्यांच्या आसपासच राहते. काच कितीही वेळा वितळवता येते हे खरं आहे. पण प्रत्येक वेळी ती वितळवावीच लागते.

वजनाचा साधा हिशोब

बिअरची साधी काचेची बाटली सुमारे दोनशे ग्रॅमची. तेवढंच पेय मावणारा ॲल्युमिनियमचा कॅन सुमारे तेरा ग्रॅमचा. चोवीस बाटल्यांचा खोका घेतलात तर त्यात पावणेपाच किलोच्या वर काच आहे. चोवीस कॅनमध्ये धातू साधारण तीनशे ग्रॅम. किलोमागे ॲल्युमिनियम काचेपेक्षा खूपच जास्त वीज खातं, पण इथे किलोंमध्येच पंधरापट फरक आहे, शिवाय जुन्या कॅनला बाजारात चांगला भाव मिळतो. म्हणूनच वेगवेगळ्या वेष्टनांच्या जन्मापासून मरणापर्यंतचा हिशोब मांडणाऱ्या अभ्यासांत एकदाच वापरायची काचेची बाटली बहुतेक वेळा सर्वांत मागे पडते, कधी कधी प्लॅस्टिकच्याही मागे.

असा हिशोब मांडायची पद्धतही बाटलीतूनच जन्माला आली, हे इथे सांगायला हवं. १९६९ साली कोका-कोला कंपनीने मिडवेस्ट रिसर्च इन्स्टिट्यूटकडून वेगवेगळ्या बाटल्यांची तुलना करून घेतली. आज ज्याला जीवनचक्र-मूल्यमापन म्हणतात त्याची सुरुवात तिथून झाली असं मानतात. तो अहवाल पूर्ण स्वरूपात कधी प्रसिद्ध झाला नाही. विद्यापीठात शिकवली जाणारी एक अख्खी विद्या, आणि तिचा पहिला धडा कंपनीच्या कपाटात.

आता तुम्ही म्हणाल, काचेत रसायनं पाझरत नाहीत, चव बदलत नाही, समुद्रात मायक्रोप्लॅस्टिक जात नाही. मान्य. लोणचं, तूप, मध काचेच्या बरणीत ठेवण्यात शहाणपण आहे, कारण ती बरणी वर्षानुवर्षं वापरली जाते. आपल्या आयांच्या स्वयंपाकघरात कॉफीची बाटली आधी कॉफीची, मग हळदीची, मग शिलाईच्या बटणांची होत असे. काचेचा खरा गुण हाच आहे, टिकणं. एकदा पिऊन फेकायच्या कामाला काच लावणं म्हणजे पैठणीची पायपुसणी करणं.

कायद्याने काय मोजलं, काय सोडलं

आता मिशिगनच्या मशीनकडे परत येऊ. तुम्ही काचेची बाटली आत सरकवता, ती बारकोड वाचते, आणि थोड्या वेळाने आतून फुटल्याचा खळ्ळ असा आवाज येतो. दहा सेंट तुमचे झाले, आणि बाटलीचा चुरा झाला. घरच्या रीसायकलच्या डब्यातून कागद-प्लॅस्टिकात मिसळून गेलेल्या काचेपेक्षा हा चुरा स्वच्छ असतो, म्हणून भट्टीत जायची त्याची शक्यता जास्त, हे डिपॉझिटचं मोठं यश. मिसळलेली काच वर्गीकरण केंद्रात बाकीच्या मालाचं नुकसान करते. तिला भाव मिळायच्या ऐवजी ती न्यायलाच पैसे मोजावे लागतात, असंही अनेक ठिकाणी होतं. केंद्रीय पर्यावरण खात्याच्या २०१८ च्या आकड्यांनुसार देशभरातल्या काचेच्या बाटल्या-बरण्यांपैकी जेमतेम ३१ टक्के पुनर्वापराच्या प्रक्रियेत गेल्या. टोलीडोच्या ओहायोत तर डिपॉझिटच नाही. बाटलीच्या यंत्राचं जन्मस्थान असलेल्या राज्यात बाटली परत आणायची व्यवस्था नाही, हे कोणीतरी नोंदवून ठेवायला हवं.

पण मिशिगनच्या मूळ कायद्यात एक तरतूद होती, जी आता कोणाच्या लक्षातही नाही. फेकायच्या बाटलीवर दहा सेंट, आणि अनेक कंपन्यांना पुन्हा भरता येईल अशा प्रमाणित बाटलीवर पाच सेंट. म्हणजे कायदा लिहिणाऱ्यांच्या डोळ्यांसमोर चुरा नव्हता. त्यांना धुवून भरायच्या बाटलीला उत्तेजन द्यायचं होतं. ती बाटली टिकली नाही, मशीन टिकलं.

हे का महत्त्वाचं, ते एका साध्या गणिताने बघा. समजा परत आलेली प्रत्येक बाटली धुवून पुन्हा भरली. शंभरातल्या नव्वद परत येत असतील तर एक बाटली सरासरी दहा वेळा भरली जाते. पंचाण्णव येत असतील तर वीस वेळा. सत्त्याण्णव येत असतील तर तेहेतीस वेळा. आणि पंच्याहत्तर येत असतील तर फक्त चार वेळा. फुटतूट, ओरखडे यामुळे प्रत्यक्षात आकडे थोडे खाली येतील, पण चित्र तेच. परतीच्या दरातले शेवटचे काही टक्के सगळ्यात मोलाचे असतात. पुन्हा भरायची बाटली जाड असते, धरा तीनशे ग्रॅम. ती पंचवीस वेळा भरली तर दर खेपेला बारा ग्रॅम काच पडते, म्हणजे जवळपास कॅनच्या धातूइतकीच. धुवायला गरम पाणी आणि कॉस्टिक सोडा लागतो, पण ते तापमान शंभराच्या खाली असतं, पंधराशे नाही.

नव्वदच्या दशकातल्या मिशिगनकडे हा दर होता. जगातल्या फार थोड्या समाजांना जमलेली सवय इथल्या लोकांनी लावून घेतली होती, आणि त्या सवयीवर आपण उभं काय केलं? चुरा करणारी यंत्रं. कायद्यावरची माझी मुख्य टीका ही आहे. त्याने परतीचा दर मोजला आणि तोच अंतिम विजय मानला. बाटली परत आल्यावर तिचं काय व्हावं, याबद्दल तो गप्प राहिला.

आता तो दरही घसरतो आहे. २०१९ साली परतीचं प्रमाण नव्वदीच्या जरा खाली होतं. २०२० च्या मार्चमध्ये साथीमुळे परतीचे काउंटर बंद झाले, जूनमध्ये हळूहळू उघडले, पण गेलेली सवय पुरती परत आली नाही. तेव्हापासून प्रमाण पाऊणाच्या आसपास आणि अलीकडे त्याच्याही खाली आहे. कारणं अनेक असतील, पण एक डोळ्यासमोर आहे. १९७८ च्या दहा सेंटांची किंमत आजच्या पैशात पंचेचाळीस-पन्नास सेंट होते. रक्कम तीच ठेवून आपण डिपॉझिट दरवर्षी थोडं थोडं कमीच करत आलो, विधिमंडळात एकही मत न पडता.

आणखी तीन गोष्टी. एक, कायद्यात सोडा, बिअर, कार्बोनेटेड पाणी, वाइन कूलर असली पेयं येतात. साधं पाणी, फळांचे रस, वाइन आणि दारू येत नाहीत. वाइनची बाटली सुमारे अर्ध्या किलोची. म्हणजे घरातली सगळ्यात जड काच कायद्याच्या बाहेर, आणि तेरा ग्रॅमचा कॅन आत. दोन, दुकानदाराने फक्त तो विकत असलेल्या ब्रँडचेच डबे घ्यायचे, आणि माणशी दिवसाला पंचवीस डॉलरच्या वर घ्यायला तो बांधील नाही. नोव्हायसारख्या गावात गाडी असलेल्याला हे चालतं. ज्याच्याकडे गाडी नाही किंवा जो इतरांनी टाकलेले डबे गोळा करून दोन पैसे मिळवतो, त्याच्यासाठी ही पायपीट आहे. तीन, कोणीही न मागितलेल्या डिपॉझिटचे पंच्याहत्तर टक्के राज्याच्या प्रदूषित जागा स्वच्छ करायच्या निधीला आणि पंचवीस टक्के दुकानदारांना जातात. हेतू चांगला आहे. पण त्यामुळे लोक जितक्या कमी बाटल्या परत देतील तितका निधी फुगतो. घसरणाऱ्या दराची तातडी कोणालाच वाटत नाही, याचं थोडं उत्तर इथे सापडतं.

आपल्याकडे हे होतं

"आपल्याकडे असं काही हवं होतं" या वाक्याकडे आता वळतो, कारण ते चुकीचं आहे. आपल्याकडे हे होतं, आणि बऱ्याच बाबतींत इथल्यापेक्षा चांगलं होतं.

काचेशी मराठी माणसाचं नातं तर राष्ट्रीय चळवळीतलं आहे. अंताजी दामोदर काळे यांनी माणशी वर्षाला एक पैसा गोळा करून त्यातून देशी उद्योग काढायची कल्पना मांडली, लोकमान्य टिळकांनी ती उचलून धरली, आणि १९०८ साली तळेगाव दाभाड्याला पैसा फंडाचा काच कारखाना सुरू झाला. तो उभारायला आलेले ईश्वरदास वार्ष्णेय जपानमध्ये आणि अमेरिकेत एमआयटीत शिकून गेले होते. आपल्यासारख्या परदेशी शिक्षण घेतलेल्या लोकांचे ते पूर्वजच म्हणायचे. तळेगावात शिकलेले कारागीर पुढे देशातल्या इतर काच कारखान्यांत पसरले. १९१६ साली कराडजवळ ओगलेवाडीला ओगल्यांचा कारखाना आला आणि त्यांचा प्रभाकर कंदील महाराष्ट्रात घरोघरी लागला. ओवेन्सचं यंत्र टोलीडोत तासाला शेकड्यांनी बाटल्या टाकत होतं, त्याच काळात एकेका पैशाच्या वर्गणीतून तळेगावची भट्टी पेटली, हे एकाच उद्योगाचे दोन चेहरे आहेत.

वापराच्या बाजूने बघा. मुंबईत १९४९ साली आरे कॉलनी उभी राहिली, आणि पुढे कित्येक वर्षं शहराचं दूध काचेच्या बाटलीतून, ॲल्युमिनियमच्या पातळ पट्टेरी टोपणाखाली आलं. केंद्रावर रिकामी बाटली द्यायची आणि भरलेली घ्यायची. बाटली एकाच आकाराची, अंतर जवळचं, ग्राहक रोजचा. पुन्हा भरायची पद्धत यशस्वी व्हायला लागणाऱ्या सगळ्या अटी तिथे पूर्ण होत्या. कोपऱ्यावरच्या दुकानात थंड पेय उभ्याउभ्या पिऊन बाटली तिथेच क्रेटमध्ये ठेवायची, घरी न्यायची असेल तर डिपॉझिट द्यायचं. गोटी सोड्याची बाटली तर फेकून द्यायचा विचारही कोणाच्या मनात आला नसता. बिअर कंपन्या आजही भारतात जुन्या बाटल्या गोळा करवून, धुवून वापरतात. हे कोणी पर्यावरणाच्या प्रेमापोटी केलं नाही. बाटली महाग होती आणि हात स्वस्त होते.

ते शेवटचे तीन शब्द मात्र गिळून पुढे जाता येणार नाही. ही व्यवस्था भंगारवाल्याच्या खांद्यावर आणि कचरा वेचणाऱ्या बायकांच्या हातांवर चालली. पुण्यात १९९३ साली या कष्टकऱ्यांची संघटना झाली, तिचं नावच 'कागद काच पत्रा कष्टकरी पंचायत'. नावात काच दुसरी आहे. कामात ती सगळ्यात जड, हात कापणारी, आणि किलोला सगळ्यात कमी पैसे देणाऱ्या मालांपैकी एक. पुढे २००८ पासून याच बायकांच्या 'स्वच्छ' या सहकारी संस्थेने पुणे महापालिकेबरोबर करार करून दारोदारचा कचरा उचलायला घेतला. "आपल्याकडे काही वाया जात नव्हतं" असं आपण अभिमानाने म्हणतो तेव्हा ते कोण वाया जाऊ देत नव्हतं, आणि त्याचे त्यांना काय मिळत होते, हेही म्हणायला हवं. मशीन निदान सगळ्यांना सारखे दहा सेंट देतं.

भारत आता डिपॉझिटकडे वळतो आहे. महाराष्ट्राच्या २०१८ च्या प्लॅस्टिक अधिसूचनेत पेट बाटल्यांवर आणि दुधाच्या पिशव्यांवर परताव्याची रक्कम ठरवायचा प्रयत्न होता; राज्यभर चालणारी व्यवस्था मात्र त्यातून उभी राहिली नाही. तामिळनाडूत मद्रास उच्च न्यायालयाच्या आदेशावरून २०२२ साली निलगिरीत दारूच्या बाटलीवर दहा रुपये जास्तीचे घ्यायला आणि बाटली परत दिल्यावर ते द्यायला सुरुवात झाली, कारण जंगलात फुटलेल्या बाटल्या हत्तींच्या पायात जात होत्या. बहुतेक बाटल्या परत येऊ लागल्या, आणि योजना इतर जिल्ह्यांत गेली. गोव्याने २०२४ साली डिपॉझिट परताव्याची स्वतःची योजना अधिसूचित केली. या योजना आखणाऱ्यांनी मिशिगनकडून शिकावं, पण पूर्ण धडा शिकावा. रक्कम महागाईशी बांधा. जड बाटल्या आधी आत घ्या. आणि जिथे धुवून भरायची साखळी अजून जिवंत आहे, तिथे चुरा करणारं मशीन बसवून ती मोडू नका.

मग करायचं काय

जर्मनीचं उदाहरण अनेकदा दिलं जातं, आणि ते योग्य आहे. तिथे बिअरच्या परतीच्या बाटलीवर आठ सेंट, आणि एकदाच वापरायच्या बाटलीवर पंचवीस सेंट डिपॉझिट आहे. शिवाय अनेक कंपन्या एकाच आकाराच्या बाटल्या वापरतात, त्यामुळे धुतलेली बाटली जवळच्या कुठल्याही कारखान्यात जाऊ शकते. तिथली बहुतांश बिअर अजून धुवून भरलेल्या बाटलीतच विकली जाते. मिशिगनने १९७६ साली कागदावर लिहिलं होतं, ते जर्मनांनी गोदामात आणि धुलाईयंत्रात उतरवलं. ओरेगनने २०१८ पासून स्थानिक बिअर कंपन्यांबरोबर पुन्हा भरायच्या एकसारख्या बाटलीचा प्रयोग सुरू केला. मिशिगनमध्ये छोट्या ब्रुअऱ्या कमी नाहीत, अंतरं कमी आहेत, आणि बाटली परत न्यायची सवय अजून पूर्ण मेलेली नाही. इथे असा प्रयोग अवघड असायला नको.

तुमच्या-माझ्या पातळीवर तीन गोष्टी सुचवतो. पहिली, फक्त काच आहे म्हणून पेयाची बाटली निवडू नका. एकदाच वापरायची असेल तर कॅन बरा, आणि पन्नास-शंभर माणसांच्या कार्यक्रमाला तर मोठा पिंप आणि स्टीलचे पेले सगळ्यात बरे. आपल्या मंडळांच्या गणपतीत आणि दिवाळीत पाण्याच्या छोट्या बाटल्यांचे ढीग लागतात, आणि त्यांच्यावर तर डिपॉझिटही नाही. दुसरी, घरात आलेली काचेची बरणी शक्य तितकी वापरा. आपल्या आयांना हे शिकवायला कुठल्याही अहवालाची गरज पडली नव्हती. तिसरी, आणि सगळ्यात महत्त्वाची: तुम्ही नागरिक असाल तर लॅन्सिंगमधल्या तुमच्या प्रतिनिधीला या कायद्याबद्दल विचारा. पाणी आणि वाइन आत आणायचा, रक्कम वाढवायचा विषय तिथे अधूनमधून निघतो आणि विझतो. ज्यांचं नुकसान होणार आहे ते तिथे हजर असतात. ज्यांना फायदा होणार आहे ते घरी असतात.

नोव्हायमध्ये, आसपासच्या गावांत आपली संख्या आता मोठी आहे. शाळा, देऊळ, कर यांबद्दल आपण बोलतो. कचऱ्याबद्दल बोलायला संकोचतो, जणू ते पाहुण्याने यजमानाच्या घरातल्या केराबद्दल बोलण्यासारखं आहे. पण वीस वर्षं राहिल्यावर माणूस पाहुणा राहत नाही. आणि या विषयात तर आपण रिकाम्या हाताने आलेलो नाही: पैसा फंडाची भट्टी, आरेची बाटली आणि कागद-काच-पत्रा वेचणाऱ्या बायकांची संघटना, तिन्हींचा अनुभव आपल्या भाषेत आहे. पुढच्या वेळी पाहुणे दहा सेंटांचं कौतुक करतील तेव्हा त्यांना पुढची गोष्टही सांगा. परत आणायचं कसं ते मिशिगनने शिकवलं, पुन्हा भरायचं कसं ते आरेच्या केंद्रावर रोज सकाळी होत होतं, आणि दोन्ही एकत्र आणायचं काम अजून कोणीतरी करायचं बाकी आहे.